तेरा महिन्यांनी मोठी आई

संजय दत्तचा जन्म २९ जुलै १९५९चा, रीमा लागूंचा २१ जून १९५८चा. दोघांत अंतर तेरा महिन्यांचं. १९९९ साली महेश मांजरेकरांचा 'वास्तव' आला तेव्हा मुलगा चाळीस वर्षांचा होता आणि आई एक्केचाळीसची. थिएटरात बसलेल्या कुणालाच त्यात वावगं वाटलं नाही, याचं मोठं श्रेय अर्थातच रीमाताईंचं. शेवटी पार खचलेला रघू पिस्तूल आईच्याच हातात देतो, मला सोडव म्हणतो, आणि ती ते चालवते. दुसऱ्या कुणाच्या हाती हा प्रसंग सहज हास्यास्पद झाला असता. गोळी झाडणारी बाई त्या मुलाला जन्म दिलेलीच आहे, याबद्दल आपल्या मनात क्षणभरही शंका येत नाही.

यात एक योगायोग आहे. बेचाळीस वर्षांपूर्वी, १९५७च्या 'मदर इंडिया'तही आईनं मुलाला गोळी घातली होती. ती आई नर्गिस आणि तो मुलगा सुनील दत्त. दोघांच्या जन्मात अंतर अवघ्या पाच दिवसांचं. पुढच्याच वर्षी दोघांनी लग्न केलं आणि संजय दत्त त्यांचा मुलगा. म्हणजे पडद्यावर समवयस्क बाईच्या हातून मरण्याचा वारसा त्याच्याकडं घरातूनच आला, असं गमतीनं म्हणता येईल.

पण गंमत बाजूला ठेवली, तर या दोन आयांमध्येच माझा सगळा मुद्दा आहे. नर्गिसनं वय वाढवून आई केली याची तक्रार कुणी केली नाही, करायचं कारणही नव्हतं. ती गोष्ट राधाची होती. नवरी म्हणून ती घरात येते, सावकाराच्या कर्जात पिचते, नवरा निघून जातो, ती स्वतः औत ओढते, म्हातारी होते. बिर्जू तिच्या आयुष्यात येतो. 'वास्तव'मधली शांता मात्र रघूच्या आयुष्यात येते. तो घरी आला की ती दिसते, तो गेला की तीही जाते. रघू नसताना ही बाई दिवसभर काय करते, तिला काय आवडतं, नवऱ्यावर ती कशावरून चिडते, हे सिनेमाला विचारावंसं वाटत नाही. वयाचा मुद्दा म्हणूनच मला दुय्यम वाटतो. नटीनं म्हातारी व्हावं, कुबडी व्हावं, पुरुषही व्हावं, तो तिचा धंदाच आहे. खटकतं ते एवढंच, की एका अव्वल अभिनेत्रीला पडद्यानं तीस वर्षं दुसऱ्याच्या गोष्टीत उभं केलं, आणि तेच तिचं कर्तृत्व म्हणून आपण स्वीकारलं.

हिशेब मांडूनच पाहा. 'कयामत से कयामत तक' १९८८चा. त्यात जुही चावलाची आई झाल्या तेव्हा रीमा लागूंना तिसावं वर्षही लागायचं होतं... नाही, लागलं होतं, पण तीस पूर्ण व्हायची होती. 'मैंने प्यार किया'त सलमान खानची आई, वय एकतीस, तो चोवीसचा. 'आशिकी'त राहुल रॉयची आई. 'गुमराह'मध्ये श्रीदेवीची आई, जी श्रीदेवीहून पाच वर्षांनी मोठी. 'हम आपके हैं कौन'मध्ये माधुरीची, 'रंगीला'त ऊर्मिलाची, 'हम साथ साथ हैं'मध्ये मोहनीश बहलची सावत्र आई. तो त्यांच्याहून तीनच वर्षांनी लहान. सहायक अभिनेत्रीच्या फिल्मफेअर पुरस्कारासाठी चारदा नामांकन झालं, पुरस्कार एकदाही मिळाला नाही. १८ मे २०१७ला त्या गेल्या, वयाच्या एकोणसाठाव्या वर्षी, मालिकेचं चित्रीकरण चालू असताना. दुसऱ्या दिवशीच्या श्रद्धांजल्यांमध्ये जिकडंतिकडं एकच सूर होता: पडद्यावरची लाडकी आई गेली.

मुंबई-पुण्याच्या ज्या नाटकवाल्यांनी त्यांना ऐंशीच्या दशकात पाहिलं होतं, त्यांना हा सूर परका वाटला असणार.

कारण ही बाई मुळात नाटकाची. माहेरचं नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या नावाजलेल्या अभिनेत्री, 'लेकुरे उदंड जाहली'तल्या कामासाठी ओळखल्या जाणाऱ्या. नयन पुण्याच्या हुजूरपागेत शिकली, त्याआधीच 'बेबी नयन' म्हणून सिनेमात बालकलाकार झाली होती. पुढं मुंबईत युनियन बँकेत नोकरी. १९७९पासून जवळजवळ दहा वर्षं ती नोकरी त्यांनी केली. आज हे वाचताना एखाद्याला वाटेल, पोटासाठी बँक आणि हौसेसाठी नाटक. त्या काळात गणित असं सरळ नव्हतं. मराठी रंगभूमीच्या एका अख्ख्या पिढीला सरकारी बँकांनी, एलआयसीनं आणि रिझर्व्ह बँकेनं पोसलं. आंतरबँक नाट्यस्पर्धा चुरशीच्या व्हायच्या, चांगला नट आपल्या बँकेत असणं ही मिरवायची गोष्ट होती, तालमीला सुटायला साहेब फारशी आडकाठी करत नसत. पगार एक तारखेला ठरलेला असल्यानं नटीला नाटक निवडायची मुभा राहायची. हातात येईल ते काम घ्यायची वेळ येत नसे. या व्यवस्थेवर कुणीतरी नीट लिहायला हवं. अकादम्यांच्या अनुदानांपेक्षा तिनं मराठी नाटकाला जास्त दिलं असावं, असा माझा दाट संशय आहे.

तर त्या मुभेत रीमा लागूंनी काय निवडलं? जयवंत दळवींचं 'पुरुष'. दिग्दर्शन विजया मेहतांचं, समोर गुलाबराव जाधव म्हणून नाना पाटेकर. अण्णा आपट्यांची मुलगी अंबिका, साध्या, तत्त्वनिष्ठ घरात वाढलेली. गुलाबराव तिला एकटीला गाठून तिच्यावर बलात्कार करतो. पुढच्या नाटकात घर उद्ध्वस्त होतं, न्यायाच्या रीतसर वाटा एकेक करून बंद होत जातात, आणि शेवटी अंबिका स्वतःच त्याचं पौरुष हिरावून घेते. शेवटाबद्दल तेव्हाही वाद झाले, आजही होऊ शकतात. मला स्वतःला तो शेवट नाटकाच्या बाकीच्या संयमाशी थोडा विसंगत वाटतो. पण अभिनेत्रीच्या बाजूनं पाहा. नानासारखा नट समोर, त्याच्या वाट्याला टाळ्यांची वाक्यं, प्रेक्षकाला त्याची भीती आणि ओढ एकाच वेळी वाटणारी. त्याच्यासमोर मार खाल्लेली, तरीही दयेची भीक न मागणारी मुलगी उभी करायची, आणि रात्रीमागून रात्री ती तिथपर्यंत न्यायची, की शेवटचं कृत्य तिचंच वाटावं, लेखकानं लादलेलं वाटू नये. हे काम तिशीही न गाठलेल्या रीमा लागूंनी शेकडो प्रेक्षकांसमोर, एकही रीटेक नसताना केलं.

मग शेखर ताम्हाणेंचं 'सविता दामोदर परांजपे'. कुसुमच्या शरीरात सविता शिरते. एकाच देहात दोन बायका, आणि संसार करणाऱ्या त्या पुरुषाला कळेना की आपण कुणाशी बोलतोय. रत्नाकर मतकरींचं 'घर तिघांचं हवं', बालशिक्षणाचं काम उभं करणाऱ्या ताराबाई मोडकांच्या आयुष्यावर बेतलेलं. बलात्काराविरुद्ध उठलेली तरुणी, पछाडलेली बायको, संसार आणि काम यांत ओढली जाणारी बुद्धिमान स्त्री. या तिन्ही भूमिकांत समान काय, तर तिघीही आपापल्या नाटकाच्या मध्यभागी आहेत. पडदा उघडतो तो त्यांचं काय होणार हे पाहायला. त्याच सुमारास सिनेमातही 'सिंहासन', 'आक्रोश', 'कलियुग' अशा चित्रपटांत त्या छोट्या भूमिकांत दिसत होत्या. 'आक्रोश'मध्ये तर नाचणारी म्हणून. म्हणजे ही बाई नाचू शकते, मादक दिसू शकते, हे कॅमेऱ्याला ठाऊक होतं. आठ वर्षांनी तोच कॅमेरा तिला जुहीची आई म्हणून पाहतो आणि मग दुसरं काही पाहायचंच नाकारतो.

असं का होतं, याचं उत्तर लोक 'पुरुषी मानसिकता' म्हणून देतात आणि मोकळे होतात. उत्तर चूक नाही, पण आळशी आहे. यामागं रोकडा हिशेब आहे. हिंदी सिनेमा विकला जातो नायकाच्या नावावर, आणि नायकाचं वय गोठवलेलं असतं. नायक चाळिशीत आला तरी तो पंचविशीचा, पन्नाशीत आला तरी पस्तिशीचा. त्याच्या शेजारी खरोखर त्याच्या आईच्या वयाची बाई उभी केली तर हिशेब उघडा पडतो. म्हणून आई तरुण लागते, नितळ चेहऱ्याची लागते, आणि वर ती अभिनयात पक्की लागते, कारण तिला मिळणार चार प्रसंग आणि त्यातल्या दोनांत रडायचं. अशी बाई सापडते कुठं? मराठी रंगभूमीवर! तीन अंकांचं ओझं पेलणारी नटी चार प्रसंग काय, हसत करते. आपल्या नाटकानं घडवलेली तयार माणसं हिंदी सिनेमानं अशी सुट्या भावात उचलली. 'अग्निपथ'मध्ये अमिताभची आई झालेल्या रोहिणी हट्टंगडी त्याच्याहून वयानं लहान. त्याआधी 'गांधी'तल्या कस्तुरबांसाठी त्यांना बाफ्टा मिळालेला. तो पुरस्कारही त्यांना त्या रांगेतून बाहेर काढू शकला नाही.

आणि हे जुन्या काळाचं रडगाणं समजू नका. सलमान खानचंच उदाहरण घ्या. १९८९ साली त्याची आई त्याच्याहून सात वर्षांनी मोठी होती. तीस वर्षांनी, २०१९ साली 'भारत' आला, त्यात त्याची आई झाली सोनाली कुलकर्णी, जी त्याच्याहून जवळपास नऊ वर्षांनी लहान आहे. कथा त्याच्या बालपणापासून सुरू होते, त्यामुळं आई तरुण हवी हे समजू शकतो. तरीही तीस वर्षांत काटा उलटाच फिरला हे नाकारता येत नाही. त्याच वर्षी 'गली बॉय'मध्ये रणवीर सिंगची आई झाली अमृता सुभाष, त्याच्याहून सहा वर्षांनी मोठी. काम इतकं सुरेख, की तिला फिल्मफेअर मिळालं. रीमा, रोहिणी, सोनाली, अमृता. सगळ्या मराठी, सगळ्यांनी रंगमंचावर काम केलेलं.

यावर दोन आक्षेप येतील. पहिला, पुरुषांनाही साच्यात अडकवतातच की. आलोकनाथला जन्मभर बाप केला. खरं आहे. पण त्याच पिढीतल्या अनुपम खेरनं तिशीच्या आत 'सारांश'मध्ये म्हातारा केला आणि दोन वर्षांत 'कर्मा'त तो खलनायक होता, पुढं विनोदी बाप, पोलीस, प्राध्यापक, काहीही. पुरुषाला म्हातारा होऊन परत तरुण होता येतं. बाई एकदा आई झाली की परतीचं तिकीट मिळत नाही.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. हे सगळं त्यांनी स्वतः स्वीकारलं होतं. घराघरात ओळख मिळाली, पैसा मिळाला, तुम्ही कोण त्यांची कीव करणारे? कीव मी करतच नाही. उलट त्या चौकटीत त्यांनी जे केलं ते थक्क करणारं आहे. त्याआधीची हिंदी आई शिवणयंत्रावर खोकणारी, पांढऱ्या लुगड्यातली, देवासमोर हात जोडलेली. रीमा लागूंची आई नीटनेटकी साडी नेसते, मुलाची थट्टा करते, नवऱ्याशी तिचं गोडीचं नातं आहे हे दिसतं. नव्वदच्या दशकात शहरी मध्यमवर्गाला स्वतःच्या घरात जशी आई हवीशी वाटत होती, तशी ती त्यांनी घडवली. लिहिलेल्यापेक्षा किती तरी जास्त. पण नटीनं कोंदट खोलीत खिडकी पाडली म्हणून खोली बांधणाऱ्याचं कौतुक करायचं नसतं.

त्यांना दुसरं काय येत होतं याचा पुरावा हवा असेल तर दूरदर्शनच्या 'श्रीमान श्रीमती'तली कोकिळा कुलकर्णी आठवा. शेजारणीवर भाळलेल्या केशवची बायको, आणि त्याच वेळी स्वतःच्या मागं लागलेल्या शेजाऱ्याला झुलवत ठेवणारी. विनोदाचं टायमिंग असं, की जतीन कनाकियासारख्या कसलेल्या नटासमोर कुठं अर्धा ठोका चुकत नाही. ते वर्ष १९९४. त्याच वर्षी त्या सिनेमात माधुरीची आई होत्या. घरात बसून टीव्ही पाहणाऱ्याला जी बाई नवऱ्याच्या नाकावर टिच्चून जगणारी, रसरशीत बायको वाटत होती, ती तिकीट काढून गेलेल्याला विहीणबाई वाटत होती! आणि लगेच 'तू तू मैं मैं'मध्ये सासू. सून सुप्रिया पिळगावकर, नऊ वर्षांनी लहान. तिथं निदान सासूला सुनेइतकीच वाक्यं होती, भांडण बरोबरीचं होतं.

रंगभूमीला मी सोवळं ठरवायला निघालेलो नाही. नाटकातही चाळिशीनंतर बाईच्या भूमिका आटतात, नाइट, म्हणजे प्रयोगामागचं मानधन, पुरुष कलाकारापेक्षा कमी मिळते अशी कुजबुज असते, आणि आजकाल तर मालिकेतला चेहरा असल्याशिवाय निर्माता तारीख घेत नाही. पण नाटकाला वयाशी जुळवून घ्यायची जुनी सवय आहे. चाळिशी ओलांडलेल्या, अंगानं सुटलेल्या बालगंधर्वांची 'मानापमान'मधली भामिनी ज्या प्रेक्षकानं डोळ्यांत प्राण आणून पाहिली, त्याच्या नातवंडांना नटीचं वय मोजायची गरज वाटत नव्हती. शिवाजी मंदिरच्या शेवटच्या रांगेतून सुरकुती दिसत नाही, आवाज ऐकू येतो. तिथं पोचायला आवाजच लागतो.

अडचण अशी, की तो आवाज आता कुठं ऐकायचा? 'हम आपके हैं कौन' दर दोन महिन्यांनी कुठल्या ना कुठल्या वाहिनीवर लागतो. 'पुरुष'मधली अंबिका ज्यांनी पाहिली ती माणसं आज साठीच्या पुढं आहेत. सिनेमातली रीमा दिवसेंदिवस जास्त दिसत जाणार, नाटकातली कमी कमी आठवत जाणार, आणि आणखी वीस वर्षांनी 'पडद्यावरची आई' हेच तिचं संपूर्ण चरित्र असेल. दोष एकट्या बॉलिवूडचा नाही. पुण्यात १९६४पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तद्दन सिनेमांचीही रिळं तिथं जपली गेली, आणि जपलीच पाहिजेत. त्याच पुण्यात, ज्याला आपण उठता-बसता नाटकाचं माहेरघर म्हणतो, व्यावसायिक नाटकांचे मूळ संचातले प्रयोग पद्धतशीर चित्रमुद्रित करून ठेवणारी तशी सार्वजनिक जागा नाही. संगीत नाटक अकादमीकडं काही मुद्रणं आहेत, दूरदर्शनकडं काही होती, मधल्या काळात सीडीवाल्यांनी एका जागी कॅमेरा ठेवून काही नाटकं विकली. तेवढ्यावर आपण पावणेदोनशे वर्षांहून जुन्या परंपरेची भाषणं करतो.

न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयानं १९७० साली नाटकांच्या मुद्रणांचा संग्रह सुरू केला. लंडनमध्ये १९९२पासून असाच संग्रह आहे. 'मुद्रण केलं तर तिकीट कोण काढणार' ही निर्मात्यांची भीती तिथंही होती. न्यूयॉर्कवाल्यांनी तोड काढली: मुद्रण ग्रंथालयातच बसून बघायचं, परवानगीनं, घरी न्यायचं नाही, विकायचं नाही. निर्मात्याचं नुकसान नाही, अभ्यासकाची सोय झाली, आणि नटाचं काम राहिलं.

आपल्याकडं राज्य सरकार नव्या व्यावसायिक नाटकांना प्रयोगामागं अनुदान देतं. समिती नाटक पाहते, दर्जा ठरवते, पैसे मिळतात. या अनुदानाला एक अट जोडता येईल: मूळ संचातला एक संपूर्ण प्रयोग, किमान तीन कॅमेऱ्यांनी, प्रेक्षकांसह, शासनाच्या खर्चानं मुद्रित होईल आणि संग्रहात जमा होईल. नाटक रंगमंचावर चालू असेपर्यंत तो कुलूपबंद. बंद झाल्यावर काही वर्षांनी अभ्यासकांना आणि नाट्यशाळांना खुला. लेखक, दिग्दर्शक, नट यांचे हक्क करारात आधीच लिहिलेले. नाट्य परिषदेच्या निवडणुकांत जेवढी ऊर्जा खर्च होते तिच्या दशांशात हे होण्यासारखं आहे. कलाकारांच्या मानधनाच्या करारातही मुद्रणाचं कलम आत्ताच घालून घ्यायला हवं, नाहीतर उद्या कुठली तरी ओटीटी कंपनी येईल आणि सगळं फुकटात घेऊन जाईल.

याचा वयाच्या प्रश्नाशी संबंध काय, असं कुणी विचारेल. संबंध सरळ आहे. रीमाताई गेल्यानंतर दोन महिन्यांनी नीना गुप्तांनी समाजमाध्यमावर उघड लिहिलं, की मी चांगली अभिनेत्री आहे आणि मला काम हवं आहे. पुढच्या वर्षी 'बधाई हो' आला आणि पन्नाशीतली गरोदर बाई ही सिनेमाच्या मध्यभागी बसणारी, पैसे मिळवणारी व्यक्तिरेखा होऊ शकते हे निर्मात्यांना कळलं. नीना गुप्ता रीमा लागूंहून एक वर्षानं लहान. आता अशा भूमिका थोड्याफार लिहिल्या जाताहेत. त्या वाटताना कास्टिंग करणारा पंचविशीचा पोरगा मोबाइलवर शोधतो आणि त्याला जे सापडतं त्यावर ठरवतो. आज मुंबईत आणि पुण्यात तिशी-पस्तिशीतल्या मराठी नट्या शनिवार-रविवारी अंबिकेच्या तोडीची कामं करताहेत आणि सोमवारी मालिकेच्या सेटवर आपल्याच वयाच्या नायकाची आई होताहेत. त्या पोराला मोबाइलवर सापडतो तो फक्त त्यांचा सोमवार.